शॉर्टस्टॉप कायमचा नसतो

१९९३ साली नॉर्थ कॅरोलिनातल्या ग्रीन्सबरोच्या मायनर लीग संघात एकोणीस वर्षांचा एक शॉर्टस्टॉप, म्हणजे सेकंड आणि थर्ड बेसच्या मधला इनफिल्डर, खेळत होता. त्या मोसमात १२६ सामन्यांत त्याच्या नावावर ५६ एरर लागल्या. दर सव्वादोन सामन्यांमागे एक चूक. न्यूयॉर्क यांकीजनं वर्षभरापूर्वीच त्याला ड्राफ्टमध्ये सहाव्या क्रमांकावर घेतलं होतं. इतक्या चुका करणाऱ्या मुलाला दुसऱ्या जागी हलवणं सोपं होतं, पण संघानं त्याला तिथंच ठेवलं आणि मोसम संपल्यावर त्याच्याकडून ग्लोव्हचं काम घोटून घेतलं. तीन वर्षांनी डेरेक जीटर अमेरिकन लीगचा ‘रूकी ऑफ द इयर’ ठरला. २०१४ मध्ये निवृत्त झाला तेव्हा त्याच्या खात्यावर ३४६५ हिट्स होत्या.

हे आकडे मुद्दाम आधी सांगितले. अमेरिकेतल्या कितीतरी मराठी घरांचा शनिवार आता लिटल लीगच्या मैदानावर जातो आणि रविवारची मराठी शाळा टूर्नामेंटच्या वेळापत्रकात कशीबशी बसवावी लागते. मुलगा दहा-अकरा वर्षांचा असतो, चपळ असतो, कोचनं त्याला शॉर्टस्टॉपला उभं केलेलं असतं आणि घरात हळूहळू मोठ्या खेळाची भाषा सुरू होते. आई-बाबा क्रिकेटवर वाढलेले असतात. त्यामुळे बॅटिंग त्यांना चटकन उमजते, इनफिल्ड उमजत नाही. मग मुलाच्या दोन एररवर घरी परतताना गाडीत चर्चा होते आणि महत्त्वाचं सगळं राहून जातं. इनफिल्डरला घडवतात त्याचे पाय आणि टिकवते जागा बदलायची तयारी, असं माझं ठाम मत आहे. या दोन्ही गोष्टींसाठी मुलाला लहानपणापासून तयार करता येतं. ते कसं करायचं आणि वाटेत कोणते निर्णय तुमच्यासमोर येतील, ते इथे सांगायचं आहे.

चार सेकंदांचं काम

मेजर लीगच्या मैदानावर एका बेसपासून पुढच्या बेसपर्यंतचं अंतर ९० फूट, म्हणजे २७.४३ मीटर. लिटल लीगच्या लहान मैदानावर ते ६० फूट असतं. मोठ्या मैदानावर सर्वसाधारण वेगाचा बॅटर होम प्लेटपासून फर्स्ट बेसपर्यंत सव्वाचार ते साडेचार सेकंदांत पोहोचतो, वेगवान खेळाडू चारच्या आसपास. तेवढ्या वेळात शॉर्टस्टॉपनं चेंडूपर्यंत धावायचं, तो ग्लोव्हमध्ये घ्यायचा, हातात काढायचा आणि तीस-चाळीस मीटरवर उभ्या असलेल्या फर्स्ट बेसमनच्या छातीवर फेकायचा. जोरात मारलेला ग्राउंड बॉल, म्हणजे जमिनीवरून येणारा चेंडू, ताशी १०० मैलांहून, म्हणजे १६० किलोमीटरहून अधिक वेगानं बॅटवरून सुटतो. थर्ड बेसवर उभ्या असलेल्याला तर विचार करायलाही फुरसत मिळत नाही.

क्रिकेट शिकवणाऱ्या बाबांनी इथे सावध राहावं. चौकार अडवताना गुडघा जमिनीला टेकवून अंग आडवं घालायला क्रिकेटमध्ये शिकवतात, कारण तिथे चेंडू अडला की काम बरंचसं झालेलं असतं. इनफिल्डमध्ये गुडघा टेकला की थ्रोची वेळ गेली. इथे चेंडू शरीराच्या पुढे घ्यायचा असतो. ग्लोव्ह जमिनीजवळ आणि उघडा, उजव्या हातानं फेकणाऱ्याचा डावा पाय किंचित पुढे, आणि चेंडू हाती येतायेताच पावलं फर्स्ट बेसच्या दिशेला वळलेली. स्टंपवर नेम धरायची सवयही मोडावी लागते, कारण इथे नेम सहकाऱ्याच्या छातीवर असतो. क्रिकेटनं दिलेली एक गोष्ट मात्र जपा. उघड्या हातांनी कॅच घेतलेल्या मुलाचे हात मऊ असतात, तो चेंडूला आपटून अडवत नाही, आत घेतो. ते शिकवायला इथल्या कोचना फार कष्ट पडतात.

मूल डाव्या हातानं फेकत असेल तर आणखी एक गोष्ट आजच समजून घ्या. व्यावसायिक बेसबॉलमध्ये शॉर्टस्टॉप, सेकंड बेस आणि थर्ड बेस या तीन जागा डावखुऱ्यांना जवळजवळ बंदच आहेत. तिथून फर्स्ट बेसला फेकायचं तर डावखुऱ्याला अख्खं शरीर फिरवावं लागतं आणि त्या फिरण्यात बॅटर पोहोचतो. डावखुऱ्या मुलासाठी इनफिल्डमधली खरी जागा फर्स्ट बेस, नाहीतर मग आउटफिल्ड किंवा पिचिंग. दहा वर्षांच्या वयात हौसेनं शॉर्टस्टॉपला खेळू द्यावं, पण चौदाव्या वर्षापर्यंत त्याला त्याची जागा सापडलेली असावी. उलट, उजव्या हातानं फेकणारं मूल डाव्या बाजूनं बॅटिंग करत असेल तर ती मोडू नका. बहुतेक पिचर उजव्या हाताचे असतात, त्यामुळे डावी बॅटिंग हा या खेळात मोठा फायदा आहे.

जागांची उतरंड

बेसबॉलच्या आकडेवारीचे अभ्यासक बिल जेम्स यांनी मैदानावरच्या जागांची एक उतरंड मांडली आहे. पिचर आणि कॅचर सोडले तर सर्वांत अवघड शॉर्टस्टॉप, मग सेकंड बेस, सेंटरफिल्ड, थर्ड बेस, राइटफिल्ड, लेफ्टफिल्ड, फर्स्ट बेस आणि अखेर फक्त बॅटिंग करणारा डेझिग्नेटेड हिटर. वरून खाली येणं शक्य असतं, खालून वर जाणं फार दुर्मीळ. म्हणूनच मेजर लीगमधले बहुतेक सेकंड बेसमन आणि कित्येक थर्ड बेसमन, आउटफिल्डर शाळेत असताना शॉर्टस्टॉपच होते. तुमच्या मुलाच्या शाळेत तो एकटा शॉर्टस्टॉप असेल, पण कॉलेजच्या संघात पाऊल टाकलं की आजूबाजूचे सगळेच कुठल्या ना कुठल्या शाळेचे शॉर्टस्टॉप निघतात. त्यांतला एकच तिथे उभा राहणार.

या उतरंडीची दुसरी बाजू पालक विसरतात. जागा जितकी सोपी, तितकी बॅटकडून अपेक्षा जास्त. उत्तम फिल्डिंग करणाऱ्या शॉर्टस्टॉपला सुमार बॅटिंगवरही संघ वर्षानुवर्षं ठेवतो. तोच खेळाडू फर्स्ट बेसला गेला तर पहिला प्रश्न येतो, होमरन किती? त्यामुळे मूल अंगानं भरत चाललं असेल, पावलं जड होत असतील, तर शॉर्टस्टॉप वाचवण्याच्या धडपडीपेक्षा बॅटिंगच्या सरावाला वेळ देणं शहाणपणाचं. पण नुसत्या उंचीवरून निर्णय घेऊ नका. बाल्टिमोरचा कॅल रिपकन ज्युनियर सहा फूट चार इंचांचा होता. इतका उंच माणूस शॉर्टस्टॉपला चालत नाही, असा त्या काळचा समज होता. तो तिथे वर्षानुवर्षं खेळला, १९९० च्या अख्ख्या मोसमात त्या जागेवर त्याच्या फक्त ३ एरर झाल्या, आणि लागोपाठ २६३२ सामने खेळण्याचा त्याचा विक्रम आजही उभा आहे. दुसऱ्या टोकाला व्हेनेझुएलाचा होजे अल्तुवे. उंची पाच फूट सहा इंच. पहिल्या चाचणीला बुटका म्हणून त्याला घरी पाठवलं गेलं होतं. तो पुन्हा आला, २००७ मध्ये ह्यूस्टन ॲस्ट्रोजनं त्याला अवघ्या १५,००० डॉलरच्या आसपास घेतलं, आणि २०१७ मध्ये तो सेकंड बेसमन म्हणून लीगचा सर्वोत्तम खेळाडू ठरला.

२०२३ पासून एका नियमानं इनफिल्डच्या कामाचं स्वरूप पुन्हा बदललं आहे. त्याआधी संघ बॅटरच्या सवयी पाहून तीन इनफिल्डर एकाच बाजूला उभे करायचे. आता पिच टाकताना सेकंड बेसच्या दोन्ही बाजूंना दोन-दोन इनफिल्डर आणि चौघांचेही पाय इनफिल्डच्या हद्दीत, असं बंधन आहे. म्हणजे आकडेवारीनं नेमकी जागा सुचवून झाकलेला पायांचा आळस आता उघडा पडतो. सेकंड बेसवर दणकट, मंद खेळाडू उभा करून वेळ मारून नेण्याचे दिवस गेले. त्याच वर्षी बेसची बाजू १५ वरून १८ इंचांची झाली आणि बेस चोरण्याचं प्रमाण वाढलं, त्यामुळे कॅचरचा थ्रो घेऊन टॅग करण्याचं कसबही महागलं आहे. शिकणाऱ्या मुलांसाठी ही आनंदाची बातमी आहे. चपळाईला पुन्हा भाव आला आहे.

सिमियनकडून काय शिकायचं

एकाच खेळाडूची कारकीर्द नीट पाहायची असेल तर मी मार्कस सिमियनचं नाव घेईन. शाळा संपताना, २००८ मध्ये, शिकागो व्हाइट सॉक्सनं त्याला ३४ व्या फेरीत निवडलं. इतक्या खालच्या फेरीत सहसा फारसे पैसे मिळत नाहीत. त्यानं करार केला नाही, बर्कलीच्या कॅलिफोर्निया विद्यापीठात गेला. तीन वर्षांनी त्याच संघानं त्याला सहाव्या फेरीत घेतलं.

पुढे तो ओकलंडला आला आणि २०१५ मध्ये शॉर्टस्टॉप म्हणून त्यानं ३५ एरर केल्या. त्या वर्षी मेजर लीगमध्ये एवढ्या चुका कुणाच्याच नव्हत्या. त्याच मोसमात रॉन वॉशिंग्टन नावाचे कोच संघात दाखल झाले. ते स्वतः जुने इनफिल्डर. सामन्याच्या कितीतरी आधी रिकाम्या मैदानावर ते सिमियनला गुडघ्यांवर बसवत, हातात लहानसा चपटा ग्लोव्ह देत आणि अगदी जवळून चेंडू टाकत राहत. लांबून बॅटनं मारलेले शेकडो ग्राउंड बॉल नाहीत, थेट प्रक्षेपणात दाखवण्यासारखं काही नाही. जमिनीवरून उसळताक्षणी चेंडू उचलायचा, दोन्ही हात एकत्र आणायचे, पुन्हा तेच. मग उभं राहून पावलं. हे रोज. यापूर्वी एरिक चावेझ या थर्ड बेसमनलाही वॉशिंग्टननी असंच घडवलं होतं. चावेझला सर्वोत्तम फिल्डिंगसाठीचे सहा गोल्ड ग्लोव्ह मिळाले आणि त्यांतला एक त्यानं आपल्या या कोचना देऊन टाकला.

सिमियनच्या चुका पुढच्याच वर्षी २१ वर आल्या. २०१९ मध्ये तो सर्वच्या सर्व १६२ सामने खेळला आणि सर्वोत्तम खेळाडूच्या मतदानात तिसरा आला. त्यानंतरचा त्याचा निर्णय मला सर्वांत मोलाचा वाटतो. २०२१ साठी टोरंटोनं त्याला एका वर्षाचा करार दिला, पण त्यांच्याकडे बो बिशेट हा तरुण शॉर्टस्टॉप होता. एवढ्या कष्टानं कमावलेली जागा सोडून सिमियन सेकंड बेसला गेला. त्या वर्षी त्यानं ४५ होमरन मारले, सेकंड बेसमनच्या एका मोसमातला हा विक्रम ठरला, आणि त्या नव्या जागेवरचा गोल्ड ग्लोव्हही त्यालाच मिळाला. वर्ष संपताच टेक्सास रेंजर्सनं त्याला सात वर्षांचा १७.५ कोटी डॉलरचा करार दिला. शॉर्टस्टॉपसाठी त्यांनी त्याच वेळी कोरी सीगरला घेतलं होतं. २०२३ मध्ये दोघांनी मिळून टेक्सासला पहिली वर्ल्ड सिरीज जिंकून दिली.

मुलाला कोचनं सेकंड बेसला हलवलं म्हणून नाराज होऊन संघ बदलणारे पालक मी पाहिले आहेत. त्यांनी सिमियनची ही सात वर्षं मुलाबरोबर बसून वाचावीत.

घरी आणि मैदानावर काय करावं

बारा वर्षांपर्यंत मुलाला सामने कमी आणि ग्राउंड बॉल जास्त मिळायला हवेत. एका सामन्यात शॉर्टस्टॉपकडे चार-पाच चेंडू येतात, कधी एकही नाही. भिंतीसमोर टेनिस बॉल घेऊन वीस मिनिटं उभं राहिलं तर शंभरावर चेंडू हाताखालून जातात. सेंट लुइसचा ऑझी स्मिथ हा माझ्या मते या जागेवरचा आजवरचा सर्वांत मोठा कलाकार. सलग १३ गोल्ड ग्लोव्ह, १९८० ते १९९२. लहानपणी तो घराच्या पायऱ्यांवर चेंडू आपटून उसळी पकडायचा आणि छपरावरून चेंडू पलीकडे टाकून तो खाली यायच्या आत धावत पलीकडे पोहोचायचा प्रयत्न करायचा. याला खर्च काहीच नाही. हजारो डॉलर घेणाऱ्या ट्रॅव्हल टीममध्ये नाव घालण्यापूर्वी गॅरेजची भिंत मोकळी करा.

ग्लोव्ह घेताना मूल वाढेल म्हणून मोठा घेऊ नका. मधल्या इनफिल्डरचा ग्लोव्ह साधारण सव्वाअकरा ते साडेअकरा इंचांचा असतो, थर्ड बेसचा थोडा मोठा, आणि लहान मुलाचा याहून लहान. खिसा उथळ हवा, म्हणजे चेंडू आत हरवत नाही आणि हात घालताच सापडतो. सरावासाठी चपटा ग्लोव्ह वेगळा मिळतो, तो अवश्य घ्यावा.

पावलांसाठी बेसबॉलबाहेरचे खेळ खेळू द्या. फुटबॉल, टेनिस, बास्केटबॉल. सुट्टीत पुण्या-नाशिकला गेल्यावर खो-खो खेळायला मिळाला तर सोन्याहून पिवळं. अचानक थांबणं, दिशा बदलणं, वाकलेल्या स्थितीत धावणं हे सगळं त्यात आहे. शिवाय खांद्याला विश्रांती मिळते. या विश्रांतीबद्दल कृपया हयगय करू नका. चांगला हात असलेल्या शॉर्टस्टॉपला कोच पिचिंगही देतात, कधी कॅचिंगही. लिटल लीगमध्ये ११-१२ वर्षांच्या पिचरला दिवसाला ८५ पिचची मर्यादा आहे आणि ४१ किंवा अधिक पिच टाकलेल्या मुलाला त्या दिवशी कॅचर म्हणून उभं करता येत नाही. पण मूल दोन संघांकडून खेळत असेल तर ही बेरीज दुसरं कुणी करत नाही, ती तुम्हालाच करावी लागते. मेजर लीग आणि यूएसए बेसबॉलच्या मार्गदर्शक सूचना पिचिंग करणाऱ्या या वयाच्या मुलांना वर्षातून किमान चार महिने चेंडू फेकण्यापासून सुट्टी सांगतात, त्यांतले दोन-तीन महिने सलग. कोपर दुखतंय असं मूल म्हणालं तर त्याच दिवशी खेळ थांबवा.

भारतात राहणाऱ्या वाचकांना २००८ चे रिंकू सिंग आणि दिनेश पटेल आठवत असतील. एका टीव्ही स्पर्धेतून निवडले गेले आणि पिट्सबर्ग पायरेट्सनं त्यांच्याशी करार केला. दोघंही भालाफेक करणारे आणि दोघंही पिचर झाले. वेगानं फेकणारा हात विशीच्या उंबरठ्यावर सापडू शकतो. इनफिल्डरचे पाय आणि हात त्या वयात नव्यानं बसवता येत नाहीत, ते आठ-दहा वर्षांच्या ग्राउंड बॉलमधूनच येतात. पुण्या-मुंबईत बसून हा मार्ग निवडणाऱ्यांनी ही अडचण ओळखूनच पुढे जावं.

मुलगी खेळत असेल तर बारा-तेरा वर्षांच्या सुमारास तिला सॉफ्टबॉलकडे वळवायचा आग्रह होतो. कॉलेजची शिष्यवृत्ती सॉफ्टबॉलमध्ये खरोखर जास्त आहे, तेव्हा तो निर्णय चुकीचा नाही. फक्त तो तिचा असावा.

कॉलेज आणि ड्राफ्ट

हायस्कूलमध्ये बेसबॉल खेळणाऱ्या शंभरांतले जेमतेम सात-आठ एनसीएए या कॉलेज क्रीडासंघटनेच्या संघांत पोहोचतात. तिथून व्यावसायिक करारापर्यंत जाणारे त्याहून कितीतरी कमी. त्यामुळे अभ्यास हा दुय्यम मार्ग नाही, निवडीचाच भाग आहे. एनसीएएच्या डिव्हिजन १ साठी १६ मूलभूत विषय आणि त्यांत किमान २.३ जीपीए लागतो. मराठी घरांतल्या बहुतेक मुलांना हे जड नाही. उलट गुण चांगले असतील तर ज्या कॉलेजचं दार नुसत्या खेळावर उघडलं नसतं तेही उघडतं. आयव्ही लीग आणि डिव्हिजन ३ खेळासाठी शिष्यवृत्ती देत नाहीत, पण तिथला कोच प्रवेशासाठी शब्द टाकू शकतो.

शिष्यवृत्तीबद्दल मोठा गैरसमज आहे. कित्येक वर्षं डिव्हिजन १ च्या प्रत्येक संघाला मिळून ११.७ शिष्यवृत्त्या होत्या आणि त्या पंचविसावर खेळाडूंत वाटल्या जायच्या. म्हणजे पूर्ण शुल्कमाफी जवळजवळ कुणालाच नाही. २०२५-२६ पासून नवी व्यवस्था स्वीकारणाऱ्या कॉलेजांना ही मर्यादा उरलेली नाही, मात्र संघ ३४ खेळाडूंपुरता झाला आहे. पैसे वाढले, जागा आटल्या. एकाहून अधिक जागी खेळू शकणाऱ्या इनफिल्डरला अशा वेळी कोच आधी हात घालतो, कारण त्याच्या एका नावात दोन गरजा भागतात.

डिव्हिजन १ चे कोच अकरावी सुरू होण्यापूर्वीच्या १ ऑगस्टच्या आधी मुलाशी थेट बोलणी करू शकत नाहीत. नववीतल्या मुलाला ‘तुमची निवड झाली आहे’ अशी ईमेल आली तर ती बहुधा पैसे भरून जायच्या शिबिराची असते. कोचसमोर आपला खेळ दाखवायच्या शोकेसना जरूर जावं, पण तयारी झाल्यावर. तिथे ६० यार्ड धावण्याचा वेळ आणि इनफिल्डवरून फर्स्ट बेसला फेकलेल्या चेंडूचा वेग मोजला जातो. सात सेकंदांच्या आतली धाव आणि ताशी ८५ मैलांच्या आसपासचा थ्रो असेल तर शॉर्टस्टॉप म्हणून लोक वळून पाहतात. थ्रो ७५ चा असेल तर आणखी एक वर्ष ताकद वाढवण्यात घालवा. तोवर शोकेसवर खर्च करू नका.

ड्राफ्ट जुलैमध्ये होतो, २०२१ पासून २० फेऱ्यांचा. हायस्कूल संपताच मूल पात्र ठरतं. चार वर्षांच्या कॉलेजात गेलं तर तीन वर्षं झाल्यावर किंवा २१ वर्षांचं झाल्यावर. कम्युनिटी कॉलेजात गेलं तर दर वर्षी. अठराव्या वर्षी करार करायचा की कॉलेजला जायचं, याचं उत्तर साइनिंग बोनसच्या रकमेत शोधा, संघाच्या नावात नको. कर वजा जाता ती रक्कम चार-पाच वर्षांचा उदरनिर्वाह आणि नंतरचं कॉलेज एवढं भागवत नसेल, तर माझा सल्ला सिमियनच्या वाटेनं जायचा. करार केलाच, तर कॉलेजच्या खर्चाची तरतूद त्या करारात लिहून घ्या. मेजर लीगची तशी योजना आहे, पण ती मागावी लागते.

बसचे दिवस आणि पगाराचा हिशेब

मायनर लीगच्या पायऱ्या अशा: नवोदितांची कॉम्प्लेक्स लीग, मग सिंगल-ए, हाय-ए, डबल-ए आणि ट्रिपल-ए. २०२३ मध्ये खेळाडूंच्या संघटनेचा पहिला करार झाला आणि किमान वार्षिक पगार सिंगल-एला २६,२०० डॉलर, डबल-एला ३०,२५० आणि ट्रिपल-एला ३५,८०० वर गेला. नवोदितांना १९,८००. त्याआधी यापेक्षा कितीतरी कमी मिळायचं. राहण्याची सोय संघ करतो. तरीही आयटीतल्या आई-बाबांना हे आकडे धक्का देतात, म्हणून आधीच ठाऊक असलेले बरे. मुलगा तेविसाव्या वर्षी एवढ्या पगारावर बसनं रात्रभर प्रवास करत असेल आणि त्याचे वर्गमित्र घरं घेत असतील. त्या काळात घरच्यांनी तुलना केली नाही, तर तेवढी मदत खूप झाली.

मेजर लीगमध्ये पोहोचल्यावर चित्र एकदम पालटतं. २०२५ मधला किमान पगार ७,६०,००० डॉलर. मात्र इथेही दिवस मोजायचे असतात. संघात काढलेले १७२ दिवस म्हणजे सेवेचं एक वर्ष. ४३ दिवस भरले की निवृत्तिवेतनाचा हक्क लागतो. साधारण तीन वर्षांनी पगारासाठी लवादाकडे जाता येतं, सहा वर्षांनी खेळाडू हव्या त्या संघाशी करार करायला मोकळा होतो आणि मोठे करार तिथे सुरू होतात. चोविसाव्या-पंचविसाव्या वर्षी पोहोचलेला इनफिल्डर मोकळा होतो तेव्हा तिशीत आलेला असतो आणि नेमके त्याच सुमारास त्याचे पाय मंदावू लागतात. म्हणून पहिल्या सहा वर्षांतला पैसा खर्चाचा नसतो. शिवाय खेळाडू ज्या ज्या राज्यांत सामने खेळतो त्यांतली बरीच राज्यं त्याच्याकडून आयकर घेतात, तेव्हा पहिल्या वर्षापासून या क्षेत्रातला करसल्लागार हवाच.

संघात २६ खेळाडू असतात आणि त्यांत इनफिल्डची राखीव जागा एक-दोनच. ती जागा तीन ठिकाणी खेळू शकणाऱ्याला मिळते. क्रेग काउन्सेल याच बळावर सोळा मोसम खेळला. सेकंड, शॉर्ट, थर्ड, जिथे गरज तिथे. बॅटिंग साधारण. १९९७ च्या वर्ल्ड सिरीजमधली फ्लोरिडाची विजयी धाव त्यानं काढली, २००१ मध्ये ॲरिझोनाबरोबर पुन्हा वर्ल्ड सिरीज जिंकली. बाकावर बसून त्यानं खेळ वाचला. २०२३ च्या अखेरीस शिकागो कब्जनं त्याला मॅनेजर म्हणून पाच वर्षांसाठी ४ कोटी डॉलर देऊ केले, तोवर कुठल्याच मॅनेजरला एवढं मानधन मिळालं नव्हतं.

जागा बदलण्याची वेळ थोरामोठ्यांवरही येते. एर्नी बँक्स शॉर्टस्टॉप म्हणून दोनदा लीगचा सर्वोत्तम खेळाडू ठरला, गुडघे कुरकुरू लागल्यावर फर्स्ट बेसला गेला आणि अखेर तिथेच जास्त सामने खेळला. रिपकन छत्तिसाव्या वर्षी थर्ड बेसला गेला. फर्नांडो टाटिस ज्युनियरनं शॉर्टस्टॉप म्हणून चौदा वर्षांचा ३४ कोटी डॉलरचा करार केला आणि दोन वर्षांत राइटफिल्डला जाऊन तिथला गोल्ड ग्लोव्ह जिंकला. उलटा प्रवास करणारा मूकी बेट्स. तो सेकंड बेसमन म्हणून घडला, बॉस्टनमध्ये ती जागा डस्टिन पेड्रोयाकडे होती म्हणून आउटफिल्डला गेला, तिथे सहा गोल्ड ग्लोव्ह मिळवले, आणि २०२५ मध्ये बत्तिसाव्या वर्षी लॉस एंजेलिस डॉजर्सचा नियमित शॉर्टस्टॉप झाला. हे जमलं कारण विशीपर्यंत तो इनफिल्डमध्येच वाढला होता.

अनेकांची कारकीर्द मात्र डबल-एमध्ये, सव्विसाव्या-सत्ताविसाव्या वर्षी संपते. संघाचा फोन येतो, कपाट रिकामं करायचं असतं. घरी परतलेल्या मुलाला पहिले काही आठवडे काहीच विचारू नका. पण करारात लिहून घेतलेल्या कॉलेजच्या पैशांची मुदत कुणीतरी लक्षात ठेवायला हवी. खेळ सुटल्यापासून दोन वर्षांच्या आत प्रवेश घेऊन शिक्षण सुरू केलं नाही तर तो हक्क जातो. म्हणून कराराची प्रत घरीच ठेवा, आणि ज्या महिन्यात त्यानं संघ सोडला त्याच महिन्यात विद्यापीठाच्या प्रवेशाच्या तारखा काढून त्याच्या टेबलावर ठेवा.